ऑन सरांचे दोनशे बारा

ज्या माणसाला आयुष्यात एक सबंध इंग्रजी वाक्य बोलताना मी ऐकलं नाही, तो माणूस आमच्या क्लासमध्ये तेवीस वर्षं इंग्रजी शिकवत होता. शिकवत होता म्हणण्यापेक्षा मिरवत होता. तपकिरी कोट, कोटाच्या खिशात पत्र्याची डबी, डबीत प्रत्येकी तीन तुकडे केलेले खडू, आणि तोंडात सदानकदा "माझा ऑन". माझा ऑन यंदा दोनशेवर गेला. माझ्या ऑनला मोठी खोली लागते. एखाद्याने कर्तबगार मुलाबद्दल बोलावं तसं तो त्या दोन अक्षरांबद्दल बोलायचा. लोक त्याला ऑन सर म्हणायचे आणि त्याला त्यात मान वाटायचा.

हे काय खूळ आहे ते आधी सांगतो. आमचा क्लास टायरच्या दुकानाच्या वरच्या मजल्यावर. चार खोल्या, मधून एक बोळ, बोळाच्या टोकाला पाण्याचं पिंप आणि एकच खिडकी. त्या खिडकीतून रबराचा वास वर येतो, तो कपड्यांना लागतो आणि घरापर्यंत सोबत करतो. इंग्रजांच्या रोजच्या बोलण्यातले वाक्प्रचार शिकवणं ही क्लासची खासियत. पूर्वी सगळे शिक्षक सगळंच शिकवायचे. एकाने सोमवारी 'ऑन द बॉल' म्हणजे तत्पर, हुशारीने काम करणारा असं सांगितलं, की दुसरा मंगळवारी तेच जरा फिरवून सांगायचा, आणि बुधवारी बोळात हमरीतुमरी. शेवटी मालक कंटाळले. त्यांनी भावाभावांत वाटण्या कराव्यात तशा वाटण्या करून टाकल्या. 'ऑन' एकाला, 'अप' एका बाईंना, 'आउट' तिसऱ्याला. ज्याचा शब्द, त्याचे त्या शब्दावरचे सगळे वाक्प्रचार. दुसऱ्याच्या हद्दीत पाऊल टाकायचं नाही. 'आउट ऑन अ लिम्ब', म्हणजे पाठीशी कुणी नसताना एकटाच अडचणीत सापडलेला, हा कुणाच्या वाट्याचा यावरून आउट सर आणि ऑन सर दीड वर्षं एकमेकांशी बोलत नव्हते.

माझ्या वाट्याला 'अंडर' आला. मी इंग्रजी घेऊन एम.ए. झालेला माणूस, आणि मला हा खडकाळ तुकडा. 'अंडर द वेदर' म्हणजे अंगात जरा कसकस असणं. 'अंडर द टेबल' म्हणजे चोरून दिलेलं-घेतलेलं. 'अंडर द रडार' म्हणजे कुणाच्या नजरेत न येता. ओढूनताणून अडतीस भरतात. तास शनिवारी दुपारी, शेवटचा. पोरं डोळे उघडे ठेवून झोपायची. रस्त्यात कुणी ओळखलं तरी "तुम्ही त्या ऑन सरांच्या क्लासमध्ये असता ना?" असं विचारायचं.

मला 'ऑन' हवा होता. सरळच सांगतो, आडपडदा कशाला. मालकांनी मला घेतानाच कबूल केलं होतं, "ऑन रिकामा झाला की तुमचा." त्याला नऊ वर्षं झाली. ऑन सर काही रिकामा करीना. साठी झाली, चष्म्याचा नंबर वाढला, जिना चढताना दोनदा थांबायला लागला, पण सोमवारी सकाळी आठला मोठ्या खोलीत हजर.

आणि शिकवायचा काय, तर पाठांतर. टेबलावर दोनदा बोट वाजवायचं, वाक्प्रचार म्हणायचा, साठ पोरांनी तो तीनदा म्हणायचा, मग अर्थ, तो तीनदा, की पुढचा. 'ऑन द फेन्स', धड इकडे नाही, धड तिकडे नाही. 'ऑन थिन आइस', एक चूक झाली की गेलास. 'ऑन द मेंड', दुखण्यातून उठत असलेला. वाक्यात उपयोग करून दाखवा म्हटलं, तर म्हणायचा, "वाक्य ज्याचं त्याने करावं. मी दाणे देतो, दळण तुम्ही दळा." दाणे! दळता येत नाही म्हणून दाणे. क्लासच्या आधी हा गृहस्थ एका गोदामात खोक्यांवर चिठ्ठ्या चिकटवायचा. एकदा पाठीवर पिशवी लावलेला एक परदेशी पाहुणा खाली टायरच्या दुकानाशी रस्ता विचारत होता. ऑन सर समोरून येत होता. त्याने ते पाहिलं आणि सरळ शेजारच्या न्हाव्याच्या दुकानात शिरून खुर्चीत बसला. त्या दिवशी सकाळीच दाढी केलेली होती त्याची. न्हाव्याने पुन्हा केली. वासरात लंगडी गाय शहाणी म्हणतात, इथे तर गाय बसूनच होती.

पण पोरं त्याच्यावर जीव टाकायची. का, ते मला कधी कळलं नाही. गावातल्या अर्ध्या कचेऱ्यांत त्याचेच विद्यार्थी. टपालखात्यात, औषधाच्या दुकानात, न्यायालयाच्या कारकुनांत. आपसात बोलताना हे लोक सर्रास त्याचे वाक्प्रचार पेरायचे. माझी बायकोसुद्धा त्याचीच विद्यार्थिनी. मला घरी यायला उशीर झाला की दार उघडून म्हणायची, "मी ऑन द कोल्ड स्पून आहे." म्हणजे, वाट बघून बघून जेवण गार झालं आणि डोकं तापलं. मीही बाहेर चारचौघांत ते वापरायचो. एम.ए. माणूस.

तर झालं असं, की एका दुपारी पंपाच्या कारखान्यात पत्रव्यवहार सांभाळणारी एक मुलगी रडवेली होऊन क्लासमध्ये आली. हीसुद्धा ऑन सरांची जुनी विद्यार्थिनी. परदेशी गिऱ्हाइकाने मालाची चौकशी केली होती, तिने मोठ्या ऐटीत कळवलं, तुमचे पंप 'ऑन द वेट बेंच' आहेत. म्हणजे होईल, होईल म्हणत ताटकळत राहिलेलं काम. गिऱ्हाइकाचं उत्तर आलं, पंप ओल्या बाकावर का ठेवलेत, ताबडतोब कोरड्या जागी हलवा आणि फोटो पाठवा. साहेबांनी तिला सगळ्यांदेखत झापलं.

"ऑन सरांना भेटलीस का?" मी विचारलं.

"भेटले. ते म्हणाले, त्या लोकांचं इंग्रजी आता पूर्वीचं राहिलं नाही."

मी तिला पाणी दिलं, समजूत घातली, आणि ती गेल्यावर बोळात उभा राहून एकटाच हसलो. नऊ वर्षांत पहिल्यांदा मला त्या बोळात गार वारा लागला.

पुढचे तीन रविवार मी सार्वजनिक वाचनालयात काढले. तिथे एक जाडजूड इंग्रजी कोश आहे, इतका जड की ग्रंथपाल तो उचलून देत नाही, जाऊन वाचा म्हणतो. ऑन सरांची दोनशे बारा वाक्प्रचारांची पुस्तिका शेजारी ठेवून मी एकेक शोधत गेलो. 'ऑन द हाउस' आहे, दुकानदाराकडून फुकट. 'ऑन क्लाउड नाइन' आहे, आनंदाने हवेत. 'ऑन द डॉट' आहे, काट्यावर काटा. 'ऑन द वेट बेंच' नाही. 'ऑन द थर्ड बटन', अर्ध्या तयारीने घराबाहेर पडलेला, नाही. 'ऑन द लेंट अम्ब्रेला', उपकार करून पस्तावलेला, नाही. 'ऑन द कोल्ड स्पून' शोधताना मला घाम फुटला. तोही नाही. दोन आणखी कोश धुंडाळले. एकूण एक्केचाळीस वाक्प्रचार जगात कुठेच नव्हते. या माणसाने ते घरी बसून पाडले होते, साठ-साठ पोरांकडून तीन-तीनदा घोकून घेतले होते, आणि सगळं गाव ते इंग्रजी म्हणून बोलत होतं. आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार, म्हणून गड्याने आडच नवा खणला होता.

मी यादी स्वच्छ अक्षरात लिहिली. बायकोला दाखवली. मला वाटलं, ती डोक्याला हात लावेल.

"मग?" ती म्हणाली.

"मग काय? हे खोटं आहे. फसवणूक आहे."

"तुम्हाला कळत होतं ना, मी कोल्ड स्पूनवर आहे म्हटलं की?"

"कळण्याचा प्रश्न नाही गं."

"तुमचं पोट कशाने दुखतंय ते मला ठाऊक आहे. म्हाताऱ्याला दोन वर्षं राहिली असतील. थांबा की."

मी थांबलो नाही. यादी मालकांच्या टेबलावर ठेवली. मालकांना खऱ्याखोट्याशी फारसं देणंघेणं नाही, पण पुस्तिकेची नवी आवृत्ती निघायची होती, आणि कारखान्याच्या साहेबांचाही फोन येऊन गेला होता. ते म्हणाले, "आपण बाहेरच्या माणसाकडून तपासून घेऊ. म्हणजे कुणी कुणावर आकस ठेवला असं नको." एवढं बोलून त्यांनी माझ्याकडे जरा जास्त वेळ पाहिलं.

बाहेरचा माणूस म्हणजे एक निवृत्त प्राध्यापिका. पांढरे बारीक कापलेले केस, गळ्यात दोरीला चष्मा, बोलणं तुटक. गुरुवारी सकाळी त्या मालकांबरोबर मोठ्या खोलीत आल्या. पोरं बाकांवर होतीच, त्यांना बाहेर काढायचं कुणाला सुचलं नाही. मी माझी यादी बाईंसमोर ठेवली. ऑन सर फळ्याजवळच्या स्टुलावर बसला होता, कोटाची बटणं लावून, खडूची डबी मांडीवर. मला वाटलं होतं घाबरेल, हातापाया पडेल. तो आपला डबीवरचा गंज नखाने खरवडत बसला होता. निगरगट्ट.

बाईंनी पहिला वाचला. "ऑन द थर्ड बटन. हे काय आहे?"

त्यांनी विचारलं होतं ऑन सरांना. उत्तर दिलं साठ पोरांनी, एका सुरात. बाई दचकल्या. दुसरा वाचला, पुन्हा साठ तोंडं. तिसरा, चौथा. एकदाही कुणी अडखळलं नाही. बाईंच्या ओठाच्या कोपऱ्यात काहीतरी हललं, ते त्यांनी चष्मा लावून लपवलं.

"सर, हे तुम्ही केलेत?" त्यांनी विचारलं.

"हो," ऑन सर म्हणाला. टाळाटाळ नाही, काही नाही. "खरे एकशे एकाहत्तरवर संपले. पुढे माझे."

"असं करता येत नाही."

"का? इंग्रजांचेही कुणीतरी केलेच असतील ना? आभाळातून तर पडले नाहीत."

"पण ते त्यांच्यात चालतात."

"माझे इथे चालतात," तो म्हणाला, आणि त्याने पोरांकडे बोट केलं.

चोराच्या उलट्या बोंबा! मला राहवलं नाही. मी म्हटलं, "बाई, यादी संपलेली नाही. शेवटचाही वाचा."

बाईंनी वाचला. "ऑन द लोअर स्टेप."

या वेळी कुणी बोललं नाही. साठच्या साठ पोरं खाली बघायला लागली. मागच्या बाकावर कुणीतरी फिस्सकन हसलं. मला वाटलं, सापडला, हा त्यांनाही येत नाही. मी स्वतःच पुढच्या बाकावरच्या मुलीला म्हटलं, "सांग, अर्थ सांग की."

ती उभी राहिली. लाल झाली होती. "वरच्या पायरीवरचा माणूस कधी घसरतो याची वाट बघत खाली उभा असलेला," ती पुटपुटली.

"हसायला काय झालं मग?" बाईंनी विचारलं.

मुलीने एकदा माझ्याकडे पाहिलं. "अंडर सरांना सगळे तसं म्हणतात."

खोलीत जे हसू फुटलं ते खाली टायरच्या दुकानापर्यंत गेलं असेल. मालकांनी टेबल बडवलं. मला त्या क्षणी ऑन सरांचा इतका राग आला, की तो म्हातारा आहे हेही मी विसरलो. माझ्याच अक्षरात, माझ्याच यादीत तो वाक्प्रचार होता, आणि तो मीच वाचायला लावला होता. फक्त ऑन सर हसला नाही. तो डबीकडेच बघत होता.

बाईंनी निर्णय दिला. जे भाषेत नाही ते पुस्तकात नको. ऑन सरांनी आपली प्रत मागवली, खिशातून पेन काढलं आणि एक्केचाळीस वाक्प्रचार स्वतः खोडले, एकेक, पट्टी लावून. अर्धा तास लागला. कुणी उठून गेलं नाही. खोडून झाल्यावर त्याने प्रत माझ्या हातात दिली आणि म्हणाला, "एकशे एकाहत्तर. मोजून घ्या."

असा मला 'ऑन' मिळाला. रिकामा 'अंडर' मालकांनी त्याला दिला. मला वाटलं होतं, अपमानाने घरी बसेल. नाही बसला. शनिवारी दुपारी त्याच तपकिरी कोटात, त्याच डबीसह हजर.

मी सोमवारी मोठ्या खोलीत उभा राहिलो. बोट वाजवलं नाही, मला असले चाळे जमत नाहीत. नीट वाक्यांत उपयोग करून शिकवायला लागलो. 'ऑन द रॉक्स' सांगितला, म्हणजे मोडायला आलेलं लग्न किंवा धंदा. मागून एकाने हात वर केला. "सर, हा खरा आहे का?" मी म्हटलं, आहे. 'ऑन पिन्स अँड नीडल्स', जीव टांगणीला लागलेला. "सर, हा?" हाही. दर वेळी तेच. मी शब्दकोशाचं पान क्रमांकासह सांगायला लागलो, तरी पोरं वहीत लिहिण्याआधी एकमेकांकडे बघायची. आणि शनिवारी मी मुद्दाम बोळात थांबून ऐकलं. 'अंडर'च्या तासाला एकही पोर झोपत नव्हतं. सगळी पोरं 'अंडर द बॉरोड कोट' असं काहीतरी तीनदा म्हणत होती. मी मालकांना सांगितलं. मालक म्हणाले, "पुस्तिकेत नाही ना छापत? मग जाऊ द्या हो."

दिवाळखोरी म्हणतात ती हीच. पण मी गप्प बसलो, कारण तेवढ्यात 'अॅट' शिकवायला एक नवीन बाई आल्या होत्या. तरतरीत, सगळं कोशात पडताळून बघणाऱ्या, आणि वागायला फार गोड. 'अॅट'चे वाक्प्रचार 'अंडर'हूनही कमी. सहा महिन्यांत माझ्याशी आदराने बोलणारी क्लासमध्ये ती एकटीच. परवा तिने विचारलं, "सर, तुमचा घसा फार दिवस बसलाय. कुणाला दाखवलंत का? एवढी मोठी खोली रोज झेपते का हो तुम्हाला?"

मला त्या रात्री झोप लागली नाही. शनिवारी तास संपल्यावर मी ऑन सरांच्या खोलीत गेलो. म्हणजे माझ्या जुन्या खोलीत. तो फळा पुसत होता.

"सर, एक विचारायचं होतं," मी म्हणालो. "ते 'लोअर स्टेप' तुम्ही माझ्यावरून केलंत, ते बरं नाही केलंत."

त्याने वळून पाहिलं. "तुमच्यावरून? अहो, तुम्ही यायच्या सात वर्षं आधीचा आहे तो. तुम्ही आलात आणि पोरांनी तुम्हाला लावला. त्याला मी काय करू?"

"मग कुणावरून?"

"माझ्या आधी ऑनला एक म्हातारे सर होते. मला तेव्हा 'बाय' दिला होता, सतरा वाक्प्रचारांचा. सात वर्षं मी त्यांच्या खोकल्यावर कान ठेवून होतो. रोज विचारायचो, सर, बरं आहे ना, सर, जिना झेपतो ना." त्याने फडकं झटकलं. खडूची भुकटी आम्हा दोघांच्या मध्ये उडाली. "एक दिवस ते याच जिन्यात पडले. मी खाली उभा होतो. आधी मला आनंद झाला, आणि मग मी धावलो. आधी आनंद झाला, हे मला कळलं होतं. त्या दिवशी घरी जाऊन तो केला. पहिला तोच. खरे तेव्हा संपलेही नव्हते."

मला काहीतरी बोचरं बोलायचं होतं, पण घसा खरंच बसला होता. मी बाहेर आलो. बोळात पिंपाजवळ अॅट बाई माझ्यासाठी कोमट पाण्याचा पेला घेऊन उभ्या होत्या.